चोर सतरंजीवर बसला होता

मी एक जुना पडदा आहे, मित्रांनो. खिडकीचा नव्हे, सिनेमाचा. सध्या जवळा बाजार या गावी जलालुद्दीनभाईंच्या पत्र्याच्या खोलीत घडी घालून पडलो आहे. घडीत उंदीर शिरतात. शिरू द्या. आता कशाचा कंटाळा यायचाही कंटाळा आला आहे. पण एक बोलायचं राहिलं आहे, ते बोलतो.

मला जलालुद्दीनभाईंच्या अब्बांनी शिवलं. ते शिंपी होते. वसमतहून मांजरपाटाचा तागा आणून त्यांनी पट्ट्या जोडल्या, कडेनं काळं कापड लावलं, दोरीसाठी पितळी कड्या बसवल्या. शिवण अशी की हिरोच्या तोंडावर कधी रेघ उमटली नाही. औंढ्याच्या शिवरात्रीच्या यात्रेत मी पहिल्यांदा उभा राहिलो. लोक माझ्या दोन्ही बाजूंनी बसायचे. मागच्यांना हिरो डावखुरा दिसायचा, पण त्यांची तक्रार नसायची. नागनाथाचं दर्शन झालं की माणसं थेट माझ्याकडे यायची. तेव्हा माझा मान होता. पाय लागला तर लोक मला हात लावून नमस्कार करत.

तुम्ही मला बघता, तेव्हा मीही तुम्हाला बघत असतो. हे कुणाच्या ध्यानात येत नाही.

माझ्या अंगावरून पैसे खाणारे कितीतरी सेठ गेले. सगळे एकाच साच्यातले. उंच इमारतीत काचेचं ऑफिस, हातात दारूचा पेला, मागं शेअर बाजाराचे पळते आकडे, आणि गरिबाचं नाव निघालं की खदाखदा हसणं. शेवटी हिरो येतो, सेठला बदडतो, आणि बुडालेला पैसा लोकांना परत मिळतो. शिट्ट्या, टाळ्या. मित्रांनो, यातला सेठ एक वेळ खरा असेल. पण तो परत मिळालेला पैसा? एवढी मोठी थाप मी दुसरी कुठली दाखवली नाही.

मग घरोघरी टीव्ही आले, हातोहात मोबाईल आले, आणि माझं तिकीट काढणारं कुणी उरलं नाही. मला भाड्यानं नेणारे तेवढे उरले. बियाण्याच्या कंपन्या, निवडणुकीतले उमेदवार, आणि पतसंस्था.

गावात हरिचंद नावाच्या चेअरमननं पतसंस्थेची शाखा काढली आणि फुकट पिक्चर ठेवला. पिक्चर त्यानंच निवडला होता, बँक लुटणाऱ्या सेठचा. हरिचंद जुन्या स्कूटरवर आला. खुर्ची दिली तर नको म्हणाला, लोकांत सतरंजीवर बसला. सेठला बेड्या पडल्या तेव्हा सगळ्यात मोठी टाळी त्याची होती. मी समोरून बघितलं आहे.

पारुबाई गावातल्या बायकांच्या बचत गटाची अध्यक्ष. निंदणी-कापणीच्या मजुरीतून बायकांनी पैसे साठवले होते. हळद शिजवायचा कुकर घ्यायचा, हंगामात तो गावोगाव भाड्यानं फिरवायचा, आणि दुसऱ्याच्या रानात वाकणं बंद करायचं. एवढंच स्वप्न होतं. पैसे औंढ्याला बँकेत होते. पिक्चर सुटल्यावर ती आणि गटातली शिवकन्या माझ्यासमोरच सतरंजी झटकत होत्या.

"पायलंस का गं त्या सेठला? कसा दारू ढोसून दात काढू लागला."

"तोंडावरच लिवलेलं व्हतं मावशी. लेकराला बी कळलं असतं."

"आन् आपला चेअरमन बघ. माझ्या हातची भाकर खाल्ली, मायबाई म्हनून पाया पडला. असा मानूस काहून बुडवंल?"

जलालुद्दीनभाई वायर गुंडाळत हसले. "मी बी पैसे टाकून राहिलो पारुबाई. नवं मशीन घ्यायचंय."

"मंग पयला पिक्चर आमाला फुकट दावा!"

बँकेतला पैसा पतसंस्थेत गेला. चोर कसा दिसतो हे त्यांना माझ्याकडूनच कळलं होतं. हरिचंद तसा दिसत नव्हता.

पुढचं तुम्ही ओळखलं असेल. हरिचंदनं लोकांच्या ठेवी आपल्याच मेव्हण्यांना कर्ज म्हणून वाटल्या, मेव्हण्यांनी प्लॉट घेतले, शाखेचं शटर खाली आलं. बंदूक नाही, हेलिकॉप्टर नाही. सही आणि शिक्का. याचा पिक्चर कोण काढणार? यात नाच कुठं घालणार? बायका भर उन्हात शटरसमोर बसल्या. हिरो आला नाही. हळदीचा हंगाम आला, तेव्हा दुसऱ्याच्या कुकरवर त्या रोजानं गेल्या. हरिचंद जामिनावर सुटला. लग्नकार्यात त्याला आजही खुर्ची मिळते, आणि आता तो ती घेतो.

यंदा जलालुद्दीनभाईंनी मला पुन्हा बाहेर काढलं. नवी पतसंस्था, विजयकुमार नावाचा नवा चेअरमन, तसाच फुकटचा पिक्चर. फरक एवढाच, की या पिक्चरमध्ये लबाडच हिरो होता. कोट घालून लोकांना बुडवत होता आणि पोरं शिट्ट्या मारत होती. विजयकुमार सतरंजीवर बसला होता.

मध्येच पारुबाई उठली आणि माझ्यापुढं येऊन उभी राहिली. हिरोचं तोंड तिच्या लुगड्यावर पडलं, तिची सावली माझ्यावर.

"पिक्चर मंग बघा," ती म्हणाली. "आधी ह्याला इचारा, आपला पैसा कोनाला कर्जानं देनार हाय. नावं सांग म्हना. आमी इचारलं न्हाई, आमी तोंड बघितलं."

विजयकुमारनं हात जोडले. "मावशी, पिक्चर झाल्यावर बोलू की निवांत."

"ए मावशी, खाली बस! हिरो दिसंना!"

"तिकीट काढून आली का गं आडवी यायला?"

हशा झाला. पारुबाई बसली नाही. शिवकन्या उठली. मला वाटलं, तिला ओढून नेणार. ती शेजारी येऊन उभी राहिली. पण दोन बायकांच्या सावलीनं पडदा किती झाकणार? लोकांनी आरडाओरडा केला, आणि मग ते थोडे सरकून बसले. बाजूनं दिसतं तेवढं बघू लागले. जलालुद्दीनभाईंचा हात मशीन बंद करायच्या बटनावर होता. विजयकुमारनं भाडं आधीच दिलं होतं. बटन दाबलं गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी नव्या शाखेपुढं रांग लागली, असं भाईच घरात सांगत होते. मी तेव्हा घडीत होतो.

मित्रांनो, मला धुवा, शिवा, जपून ठेवा, असं मी म्हणणार नाही. मी कापड आहे. उंदरांनी खाल्लं तरी कुणाचं काही बुडत नाही. पण तुमच्या गावात कुणी पडद्यापुढं उभं राहिलं, तर त्याला खाली बस म्हणू नका, आणि सरकून बाजूनं बघू नका. मशीन बंद करा. पिक्चर कुठं पळून जात नाही.