मांजरांचा मनकवडा

"घुरघुरतोय म्हणजे खूश आहे, असं तुम्हाला सांगितलं कोणी?" सोतवोल्दीने विचारले आणि हातातली किटली खाली ठेवून तो रंगारी मिर्झोहिदच्या मांडीवरच्या पिवळ्या बोक्यासमोर उकिडवा बसला.

मार्गिलान गावातल्या त्या चहाखान्यात सकाळच्या वेळी नऊ-दहा म्हातारे बसलेले असत. त्या सर्वांनी आपापले पियाले खाली ठेवले. बोका तीन दिवस अखंड घुरघुरत होता आणि काही खात नव्हता. तो एखाद्या मांजरीच्या प्रेमात पडला असावा, असे मिर्झोहिदचे म्हणणे. सोतवोल्दीने बोक्याला हात लावला नाही, त्याच्या डोळ्यांत रोखूनही पाहिले नाही. बाजूला तोंड करून, तिरक्या नजरेने तो बराच वेळ नुसता पाहत राहिला. पाठ पावाच्या लादीसारखी फुगवलेली. कान पुढे नाहीत, मागेही नाहीत. छपराच्या वळचणीसारखे दोन्ही बाजूंना उतरलेले. मिशा गालांना चिकटलेल्या. शेपूट पायांभोवती आवळून घेतलेली.

"दुखतंय त्याला," तो म्हणाला. "भ्यालेला माणूस अंधारात गुणगुणतो की नाही, तसं ते घुरघुरणं आहे. वरची उजवी दाढ बघा."

मिर्झोहिदने भीतभीत ओठ उचलला. दाढ किडून काळी पडली होती. म्हाताऱ्यांनी समाधानाने माना डोलावल्या. चमत्काराची त्यांना सवय झाली होती.

एकतीस वर्षे सोतवोल्दी चहाचे पाणी उकळणाऱ्या त्या समोवारपाशी उभा होता, आणि बसायच्या लाकडी बाजांखाली पाच-सहा मांजरांचा कायमचा मुक्काम होता. शेपूट उभी आणि टोकाला आकडी असली की तो नमस्कार. नुसतेच टोक हलू लागले की सहनशक्ती संपत आली. पोट दाखवले म्हणजे विश्वास टाकला, तिथे हात घालायचे आमंत्रण नव्हे, हे तो गिऱ्हाइकांना इतक्या गांभीर्याने सांगे की, नव्या माणसाला तो कोणी हकीम वाटावा. त्याच्या हातावर मांजराचा एक ओरखडा नव्हता. माणसांशी मात्र तो फार बोलत नसे. त्यांना शेपूट नसते, ही त्याची खरी अडचण होती.

बोक्याला टोपलीत घालणे चालू असतानाच दारात काठी वाजली आणि सोतवोल्दीची आई तुर्गुनोय आत आली.

त्या चहाखान्याचा उंबरा कोणा बाईने ओलांडल्याचे कोणाच्या आठवणीत नव्हते. तुर्गुनोयला एक्याऐंशी वर्षे झाली होती. डोक्याला पांढराशुभ्र रुमाल, ताठ कणा, आणि हातातली काठी टेकण्यासाठी नव्हे, तर दाखवण्यासाठी. सत्तरी ओलांडलेले पुरुष शाळेत मास्तर आल्यासारखे उठून उभे राहिले.

"तुझी बायको घर सोडून गेली," ती मुलाला म्हणाली. "रिश्तानला, भावाकडे. बोचकं घेऊन. आणि तू इथे बोक्याचे दात मोजतोयस."

सोतवोल्दीला काही समजेना. भांडण झालेले नव्हते. आवाज चढलेला नव्हता. त्याने सकाळ आठवून पाहिली आणि त्याचा चेहरा उजळला. "रागावली असती तर चहा दिला असता का, आई? सकाळीच दिला. चांगला भरून दिला."

"भरून म्हणजे किती?"

त्याने अंगठ्याने पियाल्याचा काठ दाखवला.

त्या गावात पियाल्यात दोन घोट चहा ओततात, तो मानाचा. तुम्ही बसा, पुन्हापुन्हा ओतायला मी आहे, असा त्याचा अर्थ. पियाला काठोकाठ भरला, की प्या आणि निघा. हे तिथल्या तान्ह्या पोरालाही कळते, आणि सोतवोल्दीला तर सर्वांत जास्त कळायला हवे होते. नको झालेल्या गिऱ्हाइकांना तो स्वतः एकतीस वर्षे असेच वाटेला लावत आला होता.

"किती दिवस झाले भरून देतेय?" तुर्गुनोयने विचारले.

"अकरा. बारा असतील," तो पुटपुटला. "मला वाटलं, सारखं सारखं ओतायचा कंटाळा येत असेल."

"आका," मिर्झोहिद अत्यंत आदराने म्हणाला, "बारा दिवस वहिनी तुम्हाला ऊठ म्हणतायत, आणि तुम्ही चहा पिऊन संपवत होतात?"

"दोनदा तर आणखी मागितला," सोतवोल्दीने प्रामाणिकपणे सांगितले.

कोणीतरी दाढीत तोंड खुपसले. सोतवोल्दी मात्र हसला नाही. खोसियत चौतीस वर्षांत एकदाही रुसून माहेरी गेली नव्हती. ज्या बायका वर्षाकाठी दोनदा जातात, त्या परत येतात, हे त्यालाही ठाऊक होते. जी कधीच गेली नाही, ती गेली तर काय करते, हे कोणालाच ठाऊक नव्हते. त्याने गळ्यातला पंचा काढून समोवारच्या कानाला अडकवला आणि आईच्या मागोमाग निघाला.

रिश्तानच्या वाटेवर, टॅक्सीत, आईने त्याची उलटतपासणी घेतली. कारण तिला माहीत होते. सुनेने जाताना एका वाक्यात सांगितले होते. पण मुलाला ते आयते द्यायची तिची इच्छा नव्हती. साठीला आलेल्या मुलाच्या तोंडात घास भरवायचा नसतो, असे तिचे मत होते.

"बारा दिवसांपूर्वी काय झालं?"

बारा दिवसांपूर्वी मोमिकला पिल्ले झाली. एवढे त्याला चटकन आठवले, कारण मोमिक ही घरातली करडी मांजर आणि तिची ती पहिलीच खेप. तीन दिवस ती कोपरे उकरत होती, पेटीत शिरून बाहेर येत होती आणि दर वेळी वळून त्याच्याकडे पाहत होती. तिला जागा हवी आहे, आणि मऊ हवी आहे, हे त्याने अचूक ओळखले. अंगणातल्या कठड्यावर बसायची एक रुईची गादी उन्हात टाकलेली होती. ती त्याने कोठीत नेऊन अंथरली. मोमिक क्षणात तिच्यावर जाऊन बसली, आणि आपल्या अंदाजाचे त्याला मोठे कौतुक वाटले.

"खोसियतला विचारलंस?"

"विचारलं की. 'ही घेतली तर चालेल ना' म्हटलं. 'चालेल' म्हणाली."

"कशी उभी होती ती?"

सोतवोल्दीने डोळे मिटून आठवायचा प्रयत्न केला. मोमिकचा डावा कान कसा मागे वळला होता ते दिसले. तिच्या बाहुल्या ऊन असूनही कशा मोठ्या झाल्या होत्या, ते दिसले. खोसियत अंगणात नळापाशी असावी. हातात काहीतरी असावे. पण त्या जागी त्याला काहीच दिसेना. तो खिडकीबाहेर पाहू लागला.

खोसियतचा भाऊ याकूब कुंभार होता. त्याच्या अंगणात कच्च्या रांजणांच्या रांगा वाळत होत्या आणि मधल्या जागेत जर्दाळूंचा ढीग पडला होता. याकूबने रीतीप्रमाणे दोन्ही हातांनी पाहुण्यांचे स्वागत केले, नान मोडून पुढे ठेवली, पिकापाण्याचे आणि गुडघ्यांचे विचारले; ज्यासाठी ते आले होते, ते सोडून सर्व काही विचारले. खोसियत आली, सासूला तिने वाकून सलाम केला, नवऱ्याला केला तो त्याच्या पलीकडल्या भिंतीकडे पाहत, आणि परत जाऊन त्याच्याकडे पाठ करून जर्दाळूंच्या बिया काढू लागली.

अशा वेळी जावई बोलतो, वडील माणसे मध्ये पडतात, कोणी रडते आणि मिटते. सोतवोल्दी आईकडे पाहत होता. आई आभाळाकडे पाहत होती. तिचे तोंड आज उघडणार नाही, हे त्याच्या लक्षात आले.

मग त्याला येत होती, ती एकच विद्या त्याने वापरली.

तो पाहू लागला. पाठ वळवलेली. मांजरात हे विश्वासाचे लक्षण. पण मानेची शीर ताठ होती आणि डोक्याचा रुमाल मागे करकचून बांधलेला होता. बिया परातीत पडत नव्हत्या, आपटत होत्या. टण्, टण्, आणि मग थोडे थांबून पुन्हा टण्. हे शेपटीचे टोक, त्याने ओळखले. म्हणजे जवळ जायचे नाही. रोखून बघायचे नाही. अंग तिरके करून बसायचे, लहान व्हायचे आणि समोरच्याने पाहण्याची वाट पाहायची. सहा फूट उंचीचा तो माणूस दोन रांजणांच्या मध्ये अंग चोरून, तिरका होऊन बसला. याकूबला वाटले, भावजींना लघवीला जायचे आहे.

कितीतरी वेळाने खोसियतने मान वळवली. सोतवोल्दीने तिच्याकडे पाहून दोन्ही डोळे अतिशय सावकाश मिटले, तितक्याच सावकाश उघडले, आणि पुन्हा मिटले.

याकूब ताडकन उठला. त्याच्या चुलत्याला अर्धांगवायू झाला, तेव्हा सुरुवात डोळ्यांपासूनच झाली होती. त्याने भावजींना हात वर करायला सांगितले, नाव विचारले, वार विचारला. घरातून कोणी पाणी घेऊन धावले, आणि त्या गडबडीत एक कच्चा रांजण आडवा झाला. सोतवोल्दी सर्व प्रश्नांची बरोबर उत्तरे देत होता, आणि मन लावून डोळे मिटत होता. कारण मध्येच सोडले तर समोरच्याचा विश्वास उडतो, असा त्याचा अनुभव होता.

खोसियत उठून आली. जर्दाळूंनी चिकट झालेल्या बोटांनी तिने त्याची हनुवटी धरली, तोंड उजेडाकडे वळवले आणि पापणी खाली ओढली.

"दिसतंय का तुम्हाला?"

"दिसतंय."

"मग हे काय चाललंय?"

"मांजराकडे बघून असं केलं की त्याला कळतं," तो म्हणाला. "या माणसाच्या मनात वाईट नाही म्हणून."

याकूब आडवा झालेला रांजण उचलायच्या निमित्ताने तिथून निघून गेला. त्याचे खांदे हलत होते.

खोसियतने हनुवटी सोडली नाही. "आणि मी काय समजायचं होतं?"

मग आयुष्यात क्वचित करायचा, तो प्रकार सोतवोल्दीने केला. त्याने प्रश्न विचारला. "ती गादी कशाची होती, मोहिराची आई?"

तिने हात काढून घेतला. ती बोटांना लागलेला गर पुसू लागली. मग तिने सांगितले. तिच्या आईच्या लग्नातला रेशमी झगा होता, हिरव्या-जांभळ्या पट्ट्यांचा. इतकी वर्षे विरत विरत त्यातले एका गादीपुरते कापड शिल्लक राहिले होते. लेकीच्या, मोहिराच्या पाठवणीत तेवढे एक आजीचे म्हणून जावे, यासाठी ती हिवाळाभर शिवत होती. त्याच्याच शेजारी बसून शिवत होती.

"तू चालेल म्हणालीस," तो म्हणाला.

"तुम्ही उचलल्यावर विचारलंत. मोमिकला तीन दिवस विचारत होतात."

ती परत ढिगापाशी जाऊन बसली. परातीवर माश्या बसू लागल्या होत्या. सोतवोल्दीने मागोमाग जाऊन त्या हाकलल्या. नवी गादी करू, असे त्याच्या तोंडाशी आले होते. पण तिच्या हातांकडे पाहून त्याने ते गिळले. ओल्या मातीवर तिच्यासमोर मांडी घालून तो बसला आणि एक जर्दाळू फोडून बी काढू लागला. मग दुसरा.

"धुऊन निघणार नाहीत ते डाग," काही वेळाने तो म्हणाला.

"नाहीत निघणार."

"मी बघायला हवं होतं. गादीकडे नव्हे. तुझ्याकडे."

बिया आता परातीत आवाज न करता पडत होत्या, आणि ही गोष्ट सोतवोल्दीच्या लक्षात आली. आल्याचे त्याने बोलून दाखवले नाही, हे त्याचे त्या दिवसातले सर्वांत मोठे शहाणपण.

ढीग संपायला दुपार झाली. खोसियतने हात धुतले, परात झाकली आणि विचारले, "पिल्लं किती आहेत?"

"चार. एक जरा तापट आहे."

"तेच ठेवू," ती म्हणाली आणि बोचके आणायला आत गेली. बोचके त्याने घेतले. तिने ते घेऊ दिले.

फाटकाशी शेजारीण उभी होतीच. इतक्यात निघालीस, कशी काय आली होतीस, असे तिने गोड आवाजात विचारले. खोसियतने डोळ्याची पापणी न हलवता सांगितले, की भावाकडचे जर्दाळू वाळवायला आले होते, काम झाले, निघाले.

टॅक्सीत तुर्गुनोय नेहमीप्रमाणे पुढच्या जागेवर बसली. मागे दोघांच्या मध्ये बोचके होते. कपाशीची शेते मागे पडली, कालवा आला, आणि चालकाने गाणे लावले. तुर्गुनोयने काठीने ते बंद करायची खूण केली.

"मीसुद्धा जर्दाळूच सांगितले होते," समोरच्या काचेकडे पाहत ती म्हणाली.

सोतवोल्दीला वाटले, आई स्वप्नात बोलते आहे.

"तू तेव्हा पोटात होतास. बापाच्या घरी जाऊन बसले. एकोणीस दिवस. रोज सकाळी केस विंचरून, चांगला रुमाल बांधून बसायची. न जाणो, आले तर. कोणी आलं नाही. विसाव्या दिवशी माझी मी चालत परत आले. शेजारणींनी विचारलं, तर म्हटलं, जर्दाळू वाळवायला गेले होते. गुडघाभर बर्फ होतं बाहेर. एकीनेही पुढे विचारलं नाही. भल्या बायका होत्या."

चालकाने गाडीचा वेग उगाचच कमी केला. सोतवोल्दीचा बाप जाऊन तीस वर्षे झाली होती, आणि घरात त्याचे नाव नेहमी आदरानेच घेतले जाई. सर्वांत जास्त आदराने तीच घेत असे. मागून सोतवोल्दीला तिची फक्त पाठ दिसत होती. ती सरळ होती, जशी ती नेहमीच असे.

खिडकीतून येणाऱ्या वाऱ्याने म्हातारीची शाल एका खांद्यावरून घसरली होती. खोसियत पुढे वाकली, तिने ती वर ओढून नीट केली आणि हात क्षणभर तिथेच राहू दिला.

तुर्गुनोयने मान वळवली नाही. खांदाही झटकला नाही.