मामंजींच्या दुर्बिणीची टोपी

नणंदेचं लग्न एकदा मोडून पुन्हा त्याच मुलाशी ठरलं, त्या वर्षाची ही गोष्ट. घरात जो तो त्या लग्नाच्या मागे लागलेला आणि मी एकटी बंदुकीच्या दुर्बिणीसाठी टोप्या शिवत बसलेली.

माझे सासरे खिंडीतल्या जंगल चौकीवर रखवालदार होते. दुर्बीण बसवलेली बंदूक चौकीत एकच, आणि ती त्यांच्याकडे. चौकीच्या मागच्या दोन खोल्यांत आम्ही राहायचो. मी खाली गावातल्या ताडपत्रीच्या कारखान्यात मशीनवर होते. ट्रकची आच्छादनं, तंबू, खोगिराच्या पिशव्या, जे येईल ते शिवायचं. आमचे हे चौकीचा सामान-ट्रक चालवायचे, त्यांच्याच ट्रकमधून मी जायचे-यायचे.

त्या खिंडीत वारा येताना रेव घेऊन येतो. हिवाळ्यात रेवेच्या जागी बर्फाचा चुरा. उघडी काच ठेवली की तिच्यावर चरे पडायचे, नाहीतर गोठलेला थर बसायचा. म्हणून दुर्बिणीच्या दोन्ही टोकांना टोप्या लागतात. सरकारी रबरी टोप्या आल्या होत्या. एक कुत्र्यानं चावून टाकली. दुसरीत वन्संनी चुलीजवळ मीठ काढून ठेवलं, आणि मामंजींना ते कळलं तेव्हा रबर चुलीच्या धगीनं वाकडं झालेलं होतं. मग मामंजी म्हणाले, "सूनबाई, तू एवढे ट्रक झाकतेस, माझी एक दुर्बीण झाकता येत नाही का?"

झालं. तेव्हापासून माझ्या जिवाला घोर लागला.

पहिली टोपी जाड कॅनव्हासची केली. ती भिजून लाकडासारखी कडक झाली. दुसरी ट्रकच्या ट्यूबचं रबर कापून केली, आतून मऊ कापड लावलं, दोन्ही टोप्या एका पट्ट्यानं जोडल्या म्हणजे हरवायला नकोत. ती घट्ट बसली. मामंजी खूश. चौकीतल्या दुसऱ्या रखवालदाराला बोलावून दाखवली. त्याला सगळे इंजिन म्हणायचे, कारण एकदा बोलायला लागला की चढ असो उतार असो, थांबायचा नाही.

"वा," इंजिन म्हणाला, "हिला आता पूर आला तरी काही होणार नाही. माझ्या सासूबाईंच्या तोंडाला एक अशी बसेल का बघा."

आठवडाभरात मामंजींनी एक नेम चुकवला. मेंढपाळांच्या गोठ्याभोवती एक लंगडा लांडगा फिरायला लागला होता. मामंजींनी गोळी झाडली ती भलतीकडेच गेली. घरी येऊन त्यांनी बंदूक टेबलावर ठेवली आणि माझ्याकडे बघितलं.

"काचेला घाम येतोय. तुझ्या टोपीमुळे."

मी टोपी काढून पाहिली. खरंच आतून बाष्प धरलं होतं. पण ते का धरलं होतं हे मला रोज डोळ्यांसमोर दिसत होतं. दिवसभर थंडीत फिरलेली बंदूक ते संध्याकाळी आत आणायचे आणि शेगडीशेजारी खुर्चीवर बसवायचे, पाहुणी आल्यासारखी. गार काच उबेत आली की ओली होते. वरून त्यावर तोंडानं वाफ सोडून मफलरनं पुसायचे आणि लगेच टोपी घट्ट लावायचे. आतलं पाणी आतच. सकाळी बाहेर नेली की त्याचा बर्फ.

"मामंजी, बंदूक पडवीतल्या पेटीत कुलूप लावून ठेवत जा. गारच राहू दे तिला."

"बंदूक म्हणजे काय जोडे आहेत, बाहेर ठेवायला?"

"मग निदान ओली असताना टोपी लावू नका."

"आणि धूळ बसली तर? तू पुसायला येणार आहेस?"

आमच्या ह्यांना सांगितलं तर हे म्हणाले, "बाबांना कुणी काही शिकवलंय का आजवर? तू टोपीच बदल." मग मी टोपीला कडेनं बारीक भोकं पाडली, खालच्या बाजूनं, म्हणजे वाऱ्यातली रेव सरळ आत जाणार नाही पण आतला दमटपणा निघून जाईल. तंबूला पाडतो तशीच. मामंजींनी भोकं पाहिली आणि मेणबत्तीचं मेण वितळवून एकेक बुजवली. मला विचारलं नाही, सांगितलंही नाही. मी पुन्हा टोच्यानं उघडली. त्यांनी पुन्हा बुजवली. आम्ही दोघं जेवताना समोरासमोर बसायचो, हवापाण्याच्या गप्पा मारायचो आणि उठलो की कुणीतरी टोच्या शोधायचं, कुणीतरी मेणबत्ती. वन्सं म्हणाल्या, "वहिनी, तुमच्या दोघांचं हे संपलं की माझ्या लग्नाचं बघा."

त्यातच लांडग्यानं लाकडं गोळा करणाऱ्या एका बाईला धरलं. हाताचा लचका तोडला. बाई वाचली, पण वरून साहेब आले. भर वाऱ्यात छत्री उघडून उभे राहणारे साहेब, त्यामुळे चौकीत त्यांचं नावच छत्री पडलं होतं. त्यांनी मामंजींना सगळ्यांसमोर सांगितलं, "या वेळी चुकलं तर बंदूक इंजिनकडे. तुम्ही फाटकावर बसा."

फाटकावर म्हणजे रस्त्यावरचा दांडा वर-खाली करायला. जवळपास सगळं आयुष्य ज्यांनी ती बंदूक खांद्यावर वागवली त्यांना दांडा.  मामंजींचं रात्रीचं जेवण अर्धंच झालं. इंजिन माझ्याजवळ येऊन म्हणाला, "वहिनी, मला नको ती बंदूक. ती गेली तर म्हातारा माझ्याशी बोलायचा बंद होईल, आणि मग मी बोलू कुणाशी?"

बंदूक त्या रात्री शेगडीशेजारीच होती. सगळे झोपायला गेल्यावर मी ती उचलून पडवीत पेटीत ठेवली. टोपीतलं मेण टोच्यानं उकरून काढलं, काच कोरड्या कापडानं टिपली, टोपी सैल बसवली. ओरडायचं तर उद्या ओरडू देत, म्हटलं.

सकाळी त्यांना ओरडायला सवडच मिळाली नाही. बर्फाचा चुरा पडायचा थांबला होता आणि ओढ्याच्या पलीकडे, मेंढपाळांच्या रिकाम्या गोठ्याजवळ, लांडगा बसलेला इंजिनला दिसला. सगळे चौकीमागच्या दगडी कठड्याशी गेले. मामंजींनी कठड्यावर कोपर टेकले. टोपी काढून सवयीनं माझ्या हातात दिली, कारण ती हरवते म्हणून मीच डोकं खाल्लं होतं. साहेब मागे, छत्री मिटलेली.

मामंजींनी डोळा लावला. बराच वेळ लावून राहिले. डोळा काढून मिचकावला, पुन्हा लावला. दुर्बिणीची कडी फिरवली, उलट फिरवली. त्यांचा खांदा जरासा खाली आला.

"काच धुकटलीय," ते म्हणाले. "पुन्हा. ही बघा, हिची टोपी."

आणि त्यांनी बंदूक कठड्यावर टेकवूनच माझ्यापुढे सरकवली. "बघ तूच."

मी वाकून बघितलं. लांडगा समोर हाताच्या अंतरावर असावा तसा दिसला. कानाचे केस दिसले. पाठीवर बसलेला बर्फाचा चुरा दिसला, आखडून धरलेला मागचा पाय दिसला. काच विहिरीच्या पाण्यासारखी स्वच्छ होती.

मी मान वर केली तर मामंजी माझ्याकडे बघत होते. रागानं नाही. काय सांगते याची वाट बघत होते. आणि तेव्हा मला कळलं की काचेचं त्यांना केव्हापासून ठाऊक असणार. भोकं बुजवून ते काय जपत होते, तेही कळलं. काच ओली राहिली की दोष काचेचा, डोळ्यांचा नाही. मी मूर्खासारखी ती कोरडी करून ठेवली होती.

"काय दिसतंय?" साहेबांनी विचारलं.

मला इतका संताप आला की हातातली टोपी ओढ्यात भिरकावावीशी वाटली. एवढी भोकं, एवढं मेण, एवढे टोमणे, आणि हे एकदा सरळ सांगता आलं नसतं का. मला नाही तर मुलाला तरी.

"काही नाही दिसत," मी म्हणाले. "आतून बाष्प धरलंय. माझंच शिवण चुकलं, साहेब."

"पुसा मग. लवकर."

"इंजिन भावजी, तुम्ही घ्या," मी म्हणाले. "मामंजींचे हात गारठलेत."

इंजिननं बंदूक घेतली, दुर्बिणीला डोळा लावला आणि क्षणभर तसाच राहिला. मग डोळा काढला, काचेवर बाही फिरवली, कोरड्याच काचेवर, चांगली घासून, साहेबांना दिसेल अशी. "पार गढूळ झाली होती," तो म्हणाला. पुढे एक शब्द बोलला नाही. जन्मात पहिल्यांदाच. त्यानं गोळी झाडली आणि लांडगा बसल्या जागी आडवा झाला.

साहेबांनी परत जाताना मला सुनावलं. ताडपत्रीवाल्या बाईकडून असली नाजूक कामं करून घ्यायची नसतात, म्हणाले. मी ऐकून घेतलं. मामंजींपुढे फाटकाचं नाव कुणी काढलंच नाही, चूक त्यांची नव्हतीच ना. त्यांनी स्वतःच संध्याकाळी जाहीर केलं, "टोपी नीट होईपर्यंत बंदूक इंजिनकडे राहू दे. मी तोवर फाटकावर बसतो."

तोवर, म्हणे.

त्यानंतर दर हिवाळ्याच्या तोंडावर मी नवी टोपी शिवून द्यायचे आणि मामंजी ती उलटी-सुलटी करून परत करायचे. कधी शिवण जाड, कधी रबर पातळ, कधी पट्टा आखूड. येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येक ट्रकवाल्याला फाटकावर थांबवून सांगायचे की सुनेच्या टोपीपायी लांडगा हातचा गेला. कारखान्यात बायका मला विचारायच्या, अगं ते खरं का. मी हो म्हणायचे आणि मशीन जोरात चालवायचे. एकदा मी वैतागून भोकांशिवायची टोपी केली, हवी तशी, डब्यासारखी बंद. ती हातात धरून म्हणाले, "भोकं कुठायत हिला? आत पाणी साचेल, एवढंही कळत नाही का तुला?"

आमच्या ह्यांनी त्यांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेण्याचा विषय काढला की ते म्हणायचे, "आधी टोपीचं बघा."

वन्संचं लग्न झालं, माझी मुलं मोठी झाली, इंजिनही निवृत्त होऊन त्याच्या गावी गेला. मामंजी मात्र निवृत्तीनंतरही फाटकावरून उठले नाहीत; शेवटी शेवटी त्यांना ट्रकही दिसायचा नाही, आवाजावरून दांडा उचलायचे. आवाज ओळखण्यात मात्र ते कधी चुकले नाहीत. शेवटची टोपी मी शिवली ती त्यांनी हातानं चाचपली, बोटं भोकांवरून फिरवली आणि परत दिली नाही.  ती त्यांच्या कोटाच्या खिशात राहिली.

माझ्या थोरल्या मुलीला पहिला मुलगा झाला त्या वर्षी, बर्फ वितळायला लागला तेव्हा, माझे सासरे चौकीमागच्या खोलीत झोपेतच वारले.