कंसातले अकरा सेकंद

मंजुषानं लॅपटॉपची कळ दाबली आणि काळ्या स्पीकरमधून आधी कोंबडी ओरडली. समोर बसलेले चाळीस शिक्षक हसले. प्रत्येक प्रशिक्षणात इथं हसू यायचं. मग मंजुषाचाच आवाज आला, सहा वर्षांपूर्वीचा, जरा घाईतला.

"आईबाबा ऊसतोडीला गेले की तू इथंच वसतिगृहात राहिलीस, शाळा चालू ठेवलीस, तर तुला आवडेल?"

त्यानंतर काही नाही. दूर कुठंतरी भांडं घासल्याचा आवाज, तोही थांबला. खोलीतले पंखे ऐकू यायला लागले. एका शिक्षकानं मान वळवून स्पीकरकडे पाहिलं, बंद पडला की काय म्हणून. अकरा सेकंद झाले आणि मग एका मुलीचा बारीक, नीट आवाज आला.

"माझंच मन न्हाई."

मंजुषानं ध्वनिफीत थांबवली. खिडकीबाहेर व्हरांड्यात खांबाला टेकून बसलेली एक बाई त्याच वेळी उठून उभी राहिली. तिनं खांब धरला आणि ती तशीच उभी राहिली. कुणा शिक्षिकेसोबत आलेली असेल असं वाटून मंजुषा फळ्याकडे वळली.

"मुलीनं नकार दिला, असं वाटतं तुम्हांला?"

"दिलाच की," मागून एक शिक्षक म्हणाले. "मन नाही म्हणाली."

"आणि त्याआधीचे अकरा सेकंद?"

काही जणांनी वहीत मान घातली. हेही नेहमीचंच. मग मंजुषानं ते सांगितलं, जे तिनं आपल्या प्रबंधात चाळीस पानांत मांडलं होतं. शाळा कुणाला हात धरून बाहेर काढत नाही. पहिलीपासून हळूहळू, कुणाला प्रश्न विचारायचा आणि कुणाला पाणी आणायला पाठवायचं, कुणाची बोली हसण्यावारी न्यायची, यातून ती मुलाला त्याची जागा दाखवत राहते. तेराव्या वर्षापर्यंत मुलाला ती जागा पाठ होते. जे आपल्याला मिळणारच नाही ते आपल्याला नकोच होतं, असं ते स्वतःला शिकवतं. शेवटी हाकलावं लागत नाही. मूलच म्हणतं, माझंच मन नाही.

"शाळा राजीनामा मागत नाही," ती म्हणाली. "लिहवून घेते."

हे वाक्य तिनं फळ्यावर लिहिलं आणि काही जणांनी ते वहीत उतरवलं. बीडच्या या प्रशिक्षण केंद्रात तिचं हे सातवं सत्र होतं. पुढच्या महिन्यात प्रबंधाचं पुस्तक निघणार होतं आणि त्यातल्या मुख्य प्रकरणाचं नाव तेच होतं, 'माझंच मन न्हाई'. मुलीचं खरं नाव त्यात नव्हतं. तिथं ती काजल होती. ऐकवायच्या तुकड्यातूनही मंजुषानं नाव काढून टाकलं होतं.

जेवणाची सुट्टी झाली. शिक्षक ताटं घ्यायला मागच्या अंगणात गेले. मंजुषा वायर गुंडाळत असताना व्हरांड्यातली बाई दारात आली. चपला तिनं बाहेर काढल्या होत्या.

"म्याडम, वळखलं का?"

मंजुषानं हसून पाहिलं. ओळख लागेना.

"मी भिवराबाई. धारूरच्या खालच्या वस्तीवरली. तुमी आमच्या घरी आलते."

"सुकन्याची आई!" वायर तशीच हातात राहिली. "बसा ना, मावशी. कशी आहे ती? आता मोठी झाली असेल."

भिवराबाई बसली नाही. "न्हाई ऱ्हायली ती," ती म्हणाली. "तुमी येऊन गेल्यावर दुसऱ्या हंगामाला. कर्नाटकात व्हतो आमी. ताप आला. दोन दिस अंगावर काढला. तिसऱ्या दिशी गाडीत घालून नेली, तर वाटंतच."

मागच्या अंगणातून ताटं आपटल्याचे आवाज येत होते. मंजुषानं मनातल्या मनात वर्षं मोजली. म्हणजे प्रबंधाचा दुसरा खर्डा लिहून होत होता तेव्हा. त्या सबंध वर्षात तिनं सुकन्याबद्दल वर्तमानकाळात लिहिलं होतं: काजल सांगते, काजल टाळते, काजल गप्प राहते.

"मला कुणी कळवलं नाही," ती म्हणाली आणि तिचं तिलाच ते वाक्य लाजिरवाणं वाटलं.

"तुमाला कोन कळवनार." भिवराबाईच्या बोलण्यात तक्रार नव्हती. "सुकीच्या शाळेतले सोमेश्वर गुरुजी आलते ना तुमच्याकडं मागल्या महिन्यात, शिकायला? त्यांनी वळखला आवाज. नाव दुसरंच घेत व्हत्या म्हनले म्याडम, पर आवाज आपल्या सुकीचा. घरी येऊन सांगितलं. म्हून आले."

मंजुषाला गुरुजी आठवले. पांढरा सदरा, तिसरी रांग. चहाच्या वेळी ते तिच्याजवळ आले होते, काहीतरी बोलायला म्हणून, आणि 'बरं झालं सत्र' एवढंच म्हणून परत गेले होते. त्या सत्रात तिनं सुकन्याच्या शाळेबद्दल बरंच सांगितलं होतं. शाळेचंही नाव तिनं घेतलं नव्हतं.

"आता खांबाला टेकले व्हते," भिवराबाई म्हणाली. "मला वाटलं उन्हानं कानात वाजाया लागलंय." तिनं कमरेची पिशवी सोडली आणि एक छोटा फोन काढला, मागचं झाकण रबरानं बांधलेला. "ह्याच्यात घालून देता का तेवढं? फोटू हाईत तिचे चार. आवाज न्हाई एक बी."

ध्वनिफिती पाच वर्षांनी नष्ट करीन, असं मंजुषानं विद्यापीठाला लिहून दिलं होतं. बाकीच्या सगळ्या तिनं पुसल्या होत्या. ही एक राहिली होती. का राहिली हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं. प्रवासात, स्वयंपाक करताना, कधी कुणी काही विचारून उत्तराची वाट पाहत असलं की ते अकरा सेकंद तिच्या कानात सुरू होत. तेवढे संपल्याशिवाय तिला बोलता येत नसे.

"देते," ती म्हणाली. "आधी सगळं ऐकायचंय?"

तिनं दार लोटून घेतलं. स्पीकर न जोडता लॅपटॉप बाकावर ठेवला आणि दोघी त्याच्यासमोर बसल्या, एका बाकावर दोन मुली बसतात तशा.

मुलाखत बारा मिनिटांची होती. त्यात सुकन्या फार थोडं बोलली होती. गणित आवडतं. मैत्रिणीचं नाव सत्यभामा. बारका भाऊ रडला की मीच घेते. भिवराबाई प्रत्येक वाक्याला मान हलवत होती, समोर बसून ऐकल्यासारखी. भावाचं वाक्य आलं तेव्हा ती हसली देखील.

मग तो प्रश्न आला.

भांडं घासल्याचा आवाज थांबला आणि भिवराबाईनं हात उचलला.

"थांबवा."

मंजुषानं थांबवलं.

"माघारी घ्या जरा."

पुन्हा प्रश्न, पुन्हा भांडं, पुन्हा ते थांबणं. यावेळी तिनं अकरा सेकंद जाऊ दिले. मुलीचं वाक्य आलं आणि गेलं. भिवराबाई पडद्यावरच्या आवाजाच्या रेघेकडे पाहत राहिली.

"ते भांडं माझं," ती म्हणाली. "मी वट्यावर घासत व्हते. तुमचं इचारनं ऐकलं आन् उठून दारात आले. तुमची पाठ माझ्याकडं. ती माझ्याकडं बघाया लागली."

मंजुषानं मागं वळून लोटलेल्या दाराकडे पाहिलं.

"म्या मान हलिवली. न्हाई म्हून." भिवराबाईनं आताही मान हलवली, एकदाच, हळू. "बारकं आठ महिन्याचं. त्याला उसाच्या फडात कोन सांभाळनार? ती बघतच ऱ्हायली. मला वाटलं, आता ही सांगती, आई न्हाई म्हनती म्हून. म्या डोळं बी वटारले. तर काय म्हनली? माझंच मन न्हाई." ती पडद्याकडे वळली. "माझं नाव न्हाई घेतलं लेकरानं."

मंजुषाचे हात मांडीवर होते. ते तिथंच राहिले. हे तिला माहीत नव्हतं असं नव्हतं. त्या दिवशीच्या वहीत तिनं लिहिलं होतं: 'ती माझ्या खांद्यावरून मागं पाहत होती. मागं कोण?' मार्गदर्शकांनी ती ओळ लाल पेनानं खोडली होती. समासात लिहिलं होतं, दोष आईवर जाईल. गरिबांना आरोपी करणारं संशोधन आपल्याला करायचं नाही. तिला ते पटलं होतं. आजही पटत होतं. ती ओळ गेली आणि तिच्या जागी कंसात दोन शब्द आले: (उत्तर नाही). मग त्या कंसाभोवती चाळीस पानं उभी राहिली.

"ह्याच्यावर काय लिव्हलंय तुमी?" भिवराबाईनं विचारलं. "गुरुजी म्हनले, पुस्तक हुतंय."

"लिहिलंय की, चूक तुमची नाही. सुकन्याची तर नाहीच. शाळाच अशी वागते की मुलांना वाटायला लागतं, हे आपल्यासाठी नाही."

"शाळा?" भिवराबाई तिच्याकडे वळली. "गुरुजी तर तीनदा आलते घरी. वस्तीगृहाच्या यादीत नाव घातलं व्हतं त्यांनी. धुळाजी, पोरगी हुशार हाय, ठिऊन जा, म्हनले मालकाला. मालक तयार झालते. म्याच न्हाई म्हनले."

"गुरुजींनी मला हे सांगितलं नाही."

"ते कावून सांगतील? म्हनले, माझं नाव खराब झालं तर हू द्या भिवराबाई, तुमच्या लेकीचा आवाज तरी सापडला." तिनं हातातला फोन मांडीवर ठेवला. "आन् मी कुटंय?"

"म्हणजे?"

"त्या पुस्तकात. शाळा हाय, गुरुजी हाईत, सुकी हाय. मंग मी कुटंय?"

मंजुषाला उत्तर सुचत होतं. आईकडे निवडच नव्हती, हे ती दहा प्रकारे सांगू शकत होती. मुकादम, हंगाम, तान्हं मूल, सगळं खरं होतं. तिनं तोंड उघडलं. भिवराबाई वाट पाहत होती, अगदी शांतपणे, आणि मंजुषाला कळलं की यातलं एकही वाक्य या बाईसाठी नाही.

"तुम्ही नाही त्यात," ती म्हणाली.

"मला घाला."

"मावशी, लोक तुम्हांला दोष देतील."

"दिऊ द्या की. मी रोज देते. पर मी व्हते तिथं. ती माझ्यासाठी खोटं बोलली. ते बी न्हाई लिव्हलं तर ती नुसती मुकी हाय म्हनतील." तिनं पदरानं नाक पुसलं. "खरं नाव न्हाई लिवत ना तुमी? मंग आई म्हून लिवा."

मंजुषानं मान डोलावली. मग ती उठून कार्यालयात गेली, तिथून कार्ड जोडायचं साधन आणलं आणि भिवराबाईच्या फोनमधलं इवलंसं कार्ड त्यात बसवलं.

"फक्त तिचाच आवाज हवा असेल तर माझे प्रश्न काढून टाकते," ती म्हणाली. "मधल्या रिकाम्या जागाही. मग लागोपाठ ऐकू येईल."

"तुमचं काढा." भिवराबाईनं पडद्यावरच्या रेघेवर बोट ठेवलं, जिथं ती सपाट झाली होती. "हे ऱ्हाऊ द्या. तवा ती माझ्याकडं बघत व्हती."

काम व्हायला पाच मिनिटं लागली. भिवराबाईनं जेवण नको म्हटलं. दोनची धारूरची गाडी होती. फाटकापर्यंत मंजुषा सोबत गेली. जाताना भिवराबाईनं विचारलं, तुमाला लेकरं किती? एक मुलगी, मंजुषा म्हणाली, सहावीला आहे. "बघा तिच्याकडं," भिवराबाई म्हणाली आणि रस्ता ओलांडून गेली. फोन तिनं कानाला लावला नव्हता. मुठीत धरला होता.

मंजुषा परत आली तेव्हा शिक्षक जागेवर बसले होते. कुणी लवंग चघळत होतं. फळ्यावर सकाळचं वाक्य तसंच होतं, शाळा राजीनामा मागत नाही, लिहवून घेते. पुढं गटचर्चा होती. त्यासाठीच्या कागदांचा गठ्ठा टेबलावर तयार होता. तिनं त्याला हात लावला नाही.

"सकाळी मी तुम्हांला एका मुलीबद्दल सांगितलं," ती म्हणाली. "पण ती बोलली तेव्हा तिथं कोण कोण होतं ते मी सांगितलं नाही."

खोली हळूहळू शांत झाली. मंजुषा बोलायची थांबली होती आणि ती कशाची वाट पाहते आहे हे कुणाला कळत नव्हतं. एकदोघांनी एकमेकांकडे पाहिलं. पंखे ऐकू यायला लागले.

"मी दाराकडे पाठ करून बसले होते," ती म्हणाली.

पहिल्या रांगेतल्या एका शिक्षिकेनं वही उघडली, ते वाक्य लिहून घेतलं आणि पुढच्या वाक्यासाठी वर पाहिलं.