भिंतीवरच्या शेवंताबाई

समता कॉलनीत भिंती काय कमी होत्या? पण नाही! कुणीतरी नेमकी शेवंताबाईंचीच कंपाउंडची भिंत धरली आणि चित्रही काढलं ते बाईंचंच. स्कूटीवर ऐटीत बसलेल्या, डोळ्यांवर काळा गॉगल, पदर वाऱ्यावर, आणि पुढं जीव मुठीत धरून पळणारी माणसं. सिलतऱ्याच्या कारखान्यात भल्याभल्या साहेबांना दमात ठेवून रिटायर झालेली ही बाई, ऐकून घेते होय! तडक ठाणं गाठलं.

"कोण मेला हाय तो? आत टाका त्याले!"

दुसऱ्याच दिवशी ठाण्यातून बोलावणं आलं. समोरच्या दवाखान्याच्या कॅमेऱ्यात आरोपी सापडला होता. बाई तावातावानं आत शिरल्या, आणि बाकावर कोण? रुचिता! मागच्या गल्लीतली, यांच्याच स्वयंपाकघरात खात-पीत वाढलेली पोट्टी. नुकतीच रेल्वेत लागली म्हणून पेढे देऊन गेली होती.

"काहून केलं गं असं?"

"तुमी निघाल्या का सारा पारा, सारा मोहल्ला बाजूले होते, मावशी. मले मस्त वाटते ते," रुचिता डोळे पुसत म्हणाली.

हिंदीभाषक हवालदारानं कायदा सांगितला. मालकाच्या परवानगीविना भिंत रंगवणं गुन्हा. केस झाली की पोलीस पडताळणीत नाव येणार, आणि नोकरी लटकणार.

बाई झटकन टेबलाशी पुढं झाल्या. पोरीच्या नोकरीवर आपणच धोंडा घातला की!

"परवानगी मीच देल्ली होती, भैया," त्या म्हणाल्या.

हवालदारानं पेन खाली ठेवलं. "दी थी? तो शिकायत काहे की, दीदी?"

आली का पंचाईत! बाईंनी घसा खाकरला.

"हेल्मेट घालून काढ म्हटलं होतं हिले. काढली बिना हेल्मेटची! उद्या तुमीच चालान पाठवान मले."

हवालदार खो-खो हसला आणि तक्रार मागं घेण्याचा कागद त्यानं पुढं सरकवला. बाईंनी झटक्यात सही ठोकली.

बाहेर येताच रुचिता गळ्यात पडली. बाईंना इतकं हलकं वाटलं की रागवायचंही सुचेना. खरं तर चित्र त्यांना पहिल्याच दिवशी आवडलं होतं.

"पुरे झालं रडणं, बस मांगं," त्या स्कूटी सुरू करत म्हणाल्या. "रंग उरला असन तर कंबर तेवढी बारीक कर माही."