फीमर खोडून ऊर्वस्थी

आमच्या ह्यांना, म्हणजे यज्ञेश्वररावांना, शब्दाचं मूळ सापडेपर्यंत जेवण गोड लागत नाही. बायको जेवली का, हे विचारायला मात्र सवड नसते. पुणतांब्याला तीस वर्षं संस्कृत शिकवलं, आता त्यांच्यापुढे विद्यार्थी म्हणून मी एकटी उरले आहे. परवा ह्यांचा जाडजूड कोश माळ्यावरून काढताना मी स्टुलावरून पडले नि मांडीचं हाड मोडलं. हे धावत आले आणि पहिलं काय विचारलं, तर कोश फाटला नाही ना? कपाळ माझं.

श्रीरामपूरच्या दवाखान्यात डॉक्टर अनीश म्हणाले, आजच रॉड टाकू. भूल देणारे डॉक्टर नगरहून आलेत, बाराला परत जातील, मग थेट सोमवारी. मी स्ट्रेचरवर. पाय जरा हलला की जीव जात होता. संमतीपत्रावर नवऱ्याची सही तेवढी राहिली होती. बाईमाणसाच्या कागदावर नवऱ्याचीच सही, ही रीत. मलाही तोवर खटकली नव्हती.

ह्यांनी चष्मा पुसला, कागद वाचला, मांडीच्या हाडाचं डॉक्टरी नाव फीमर खोडलं नि वर ऊर्वस्थी लिहिलं. मोनिका सिस्टरनं नवा कागद आणला, तोही खोडला. मग तिला उभं करून पाठ सुरू. फीमर म्हणजे लॅटिनात नुसती मांडी, त्यामागचं मूळ त्यांच्या पंडितांनाही धड सांगता येत नाही. आपला ऊरु मात्र 'विस्तीर्ण' या अर्थाच्या शब्दाशी जोडता येतो; ऊरु अधिक अस्थी, झालं ऊर्वस्थी. असल्या बेवारशी शब्दाखाली आपण सही करणार नाही म्हणे. उंटावरचा शहाणा मेला! पावणेबारा झाले. भूलवाले डॉक्टर बॅग भरतायत, असं मोनिका काकुळतीनं सांगत होती. ह्यांनी वर्गात करायचे तसं बोट वर केलं. म्हणजे थांब.

चाळीस वर्षं ते बोट बघून मी गप्प बसत आले. त्या दिवशी किळस आली, खरं सांगते.

"मोनिका, मी शुद्धीत आहे ना? आण आणखी एक कोरा कागद इकडे."

पडल्यापडल्या सही केली, फीमरच्या खालीच. तिनं विचारलं, साक्षीदार म्हणून सरांचं नाव घालते, पण नात्याच्या रकान्यात काय लिहू?

"शेजारी, असं लिही."

हे पेन उघडून उभेच होते. तो शब्द काही त्यांनी खोडला नाही.