पालथं रीळ

बाजाराच्या दिवशी संध्याकाळी पावणेआठला धाड गावी तंबूतला सिनेमाचा खेळ संपला आणि पडद्यामागे बायका हसल्या.

शेवटच्या दृश्यात हसण्यासारखं काही नव्हतं. सासरी राबून थकलेली बाई शेतातून येते, फाट्यावर क्षणभर थांबते. डावीकडे गाव, उजवीकडे बुलढाणा. ती उजवीकडची वाट धरते. सुभद्राबाईंनी हे गेल्या हिवाळ्यात धाडच्याच फाट्यावर टिपलं होतं. त्याआधी सिनेमा कंपनीनं हा शेवट बदलायला सांगितला होता, तेव्हा त्यांनी कंपनी सोडली, स्वतःच्या कॅमेऱ्यावर चित्रपट काढला आणि बैलगाडीतून गावोगाव फिरवला. आता अकोल्याला बोलपट लागला होता, यांचा मुकाच. कॅमेरा खामगावच्या एका फोटोवाल्याला विकायचं कबूल करून त्या मोकळ्या झाल्या होत्या.

पंजाबराव तंबूत आले. जागा त्यांचीच होती. खुर्ची पुढे केली तरी बसले नाहीत. बाई घर सोडून जाते हे गावच्या लेकीसुनांना दाखवायचं नाही, उद्याच्या खेळात ती घरी परतली पाहिजे, नाहीतर तंबू सकाळीच उचला, असं त्यांनी आवाज न चढवता सांगितलं.

ते गेल्यावर कनातीआडून रुखमाबाई आली. फाट्यावरच्या दृश्याच्या दिवशी नटीला ताप भरला होता; तिच्याऐवजी पाठमोरी चालून गेली ती ही गावचीच सून. डोक्यावर पदर असल्यानं पडद्यावर ओळखू येत नव्हती, पण तिनंच साऱ्या आळीला सांगून ठेवलं होतं.

"बाई, मी त बुलढान्याच्या वाटेनं गेल्ती," ती म्हणाली. "तुम्ही मले घरी काऊन आनली?"

"घरी कुठं आणलं?"

"साऱ्या जनीनं पाह्यलं. सासू म्हने, पाहा वं, सिनेमातबी आमची रुखमी शिदी घरीच आली."

सुभद्राबाई उठल्या आणि पडद्याला वळसा घालून बायकांच्या बाजूला गेल्या. पहिल्यांदाच. एरवी खेळभर त्या यंत्राजवळ, पुरुषांच्या बाजूला उभ्या असत. पाणी मारलेला पडदा अजून टपकत होता. कापड भिजवलं की चित्र आरपार दिसतं, म्हणून पुरुष पुढे आणि बायका मागे, ही तंबूंची रीतच. मागून मात्र उजवं ते डावं दिसतं. इतर गावांत त्यानं काही बिघडलं नाही. तो फाटा तिथं कोणाच्या ओळखीचा नव्हता. इथं दोन्ही वाटांना सारखीच कपाशी, आणि कुठली वाट कुठं जाते हे धाडच्या प्रत्येक बाईला ठाऊक.

त्या बायकांच्या गोणपाटावर, पडद्याकडे तोंड करून बसल्या.

दुसऱ्या दिवशी त्यांनी यंत्र चालवणाऱ्या मोतीरामला शेवटचं रीळ पालथं, उजव्याचं डावं होईल असं लावायला सांगितलं.

"मंग इकडून ते बाई घरी जाऊन राह्यली असं दिसन."

"पंजाबरावांना तसंच हवंय."

मोतीरामनं त्यांच्याकडे पाहिलं. "तुम्हीबी वाकल्या म्हना शेवटी."

"रीळ लाव."

खेळाला पंजाबराव सगळ्यांत पुढे होते. फाट्यावरची बाई थांबली आणि डावीकडे, गावाकडे वळली. "हां, आता कसं," ते शेजाऱ्याला म्हणाले.

सुभद्राबाई यंत्राजवळ नव्हत्या. त्या पडद्यामागे रुखमाबाईला लागून बसल्या होत्या. तिथून ती बाई बुलढाण्याच्या वाटेला लागली आणि लहान होत होत दिसेनाशी झाली. या खेपेला कोणी हसलं नाही. सासूनं तोंडाला पदर लावला. रुखमाबाई ओल्या कापडाकडे बघत राहिली, दिवा गेल्यावरही.

सकाळी तंबू उतरत असताना सासू बाजारतळावर आली. रुखमी उजाडल्यापासून घरात नाही, घागर जागच्या जागी आहे, इकडे आली होती काय, असं तिनं विचारलं. कोणी पाहिलं नव्हतं.

खामगावची वाट बुलढाण्यावरूनच जाते. फाट्यावर सुभद्राबाईंनी गाडी थांबवली, कॅमेऱ्याची पेटी खाली घेतली आणि बुलढाण्याच्या वाटेकडे तोंड करून त्या पेटीवर बसल्या. मोतीरामनं दोनदा हाक मारून पाहिली, मग जू उतरवून बैल चरायला सोडले.

दुपारपर्यंत रुखमाबाईचा पत्ता नव्हता. कॅमेरा खामगावच्या वाटेला लागला नव्हता.