पाठवला आणि पोचला

“अहो काका, आमच्याकडून सगळे रिपोर्ट गेलेत. प्रत्येकापुढे ‘पाठवला’ असंच दिसतंय,” प्रयोगशाळेतल्या बाई फोनवर म्हणाल्या.

निरोपेकाकांनी फोन कानाशी धरूनच समोरच्या पडद्याकडे पाहिलं. रांगेत एकशे बारा निरोप उभे होते. एरवी दोन-तीनच्या वर कधी नसत.

इस्पितळाच्या संगणक विभागात काकांना बावीस वर्षं झाली होती. प्रयोगशाळेचा प्रोग्राम वेगळा, वॉर्डाचा वेगळा, औषधभांडाराचा तिसराच. या सगळ्यांना एकमेकांशी बोलतं करणाऱ्या लायब्ररी फायली, म्हणजे प्रत्येक प्रोग्रामला जोडायचे तयार तुकडे, त्यांनी लिहिल्या होत्या. एकाने निरोप रांगेत ठेवायचा आणि आपल्या कामाला लागायचं. दुसऱ्याने सवडीने उचलायचा. कुणी कुणासाठी खोळंबायचं नाही. ‘निरोपेकाका’ हे नावही त्यावरूनच पडलं होतं. खरं आडनाव आता हजेरीपटापुरतं उरलं होतं. निवृत्तीला आठ दिवस होते.

“आज वॉर्डाच्या सर्व्हरवर काही केलंस का?” त्यांनी शेजारच्या मुलीला विचारलं. त्यांच्या जागी येणारी ही नवी इंजिनिअर कामाला वाघ होती.

“तुमच्या लायब्ररीच्या जुन्या फायली काढून टाकल्या, सर. नवी आवृत्ती आहे ना तिथे.” मग तिचा आवाज उतरला. “वॉर्डाचा प्रोग्राम अजून जुन्याच वापरतो?”

“निरोप उचलायला, हो.”

तिचा चेहरा पांढराफटक पडला. “पण कुठेच काही बिघडल्याचं दिसलं नाही, सर.”

काका रागावले नाहीत. तेवढा वेळच नव्हता. “फायली परत ठेव. तोवर मी तातडीचे रिपोर्ट कागदावर काढतो.”

एकशे बारातून सात तातडीचे निघाले. सहा फोनवर सांगून झाले. हृदयविभागाचा फोन काही लागेना. काका कागद घेऊन जिन्याने तीन मजले चढले. गुडघे कुरकुरत होते, पण लिफ्टची वाट बघण्याइतका धीर त्यांच्यात नव्हता.

सिस्टरने कागद वाचला आणि झटकन मान वर केली. “पोटॅशियम इतकं वाढलंय? आणि रिपोर्ट सव्वाआठचा? अकरा वाजत आले. कुठे होतात तुम्ही?”

“रांगेत अडकला होता,” काका म्हणाले. तिने ऐकलंही नाही. डॉक्टरांना हाक मारत ती नऊ नंबरच्या खाटेकडे धावली होती.

दुपारी बैठक झाली. “फायली कुणी काढल्या?” विभागप्रमुखांनी विचारलं. मुलगी उठू लागली. काकांनी तिला हातानेच बसवलं.

“काढल्या तिने. पण कोण काय वापरतं हे सगळं माझ्या डोक्यात होतं, मी कुठे लिहूनच ठेवलं नव्हतं. आणि तो ‘पाठवला’ शब्दही माझाच. निरोप रांगेत पडला की तो उमटतो. पलीकडे कुणी उचलला का, हे त्यावरून कळत नाही. प्रयोगशाळेतल्या बाईंनी मला फार पूर्वी विचारलं होतं, पोचला हे आम्हाला कसं कळायचं? मी म्हटलं होतं, माझे निरोप पोचतातच.”

प्रमुखांनी पेनाला टोपण लावलं. “आठ दिवसांत दुरुस्त होईल?”

“आम्ही दोघं मिळून करतो,” काका म्हणाले.

संध्याकाळी घरी जायच्या ऐवजी ते पुन्हा वर गेले. नऊ नंबरचा म्हातारा शिंपी झोपला होता. धोका टळलाय, असं सिस्टरने सांगितलं. उशाशी त्याची बायको बसली होती.

“तुम्ही कोण?” तिने विचारलं.

“इथलाच. संगणकाचं काम बघतो. तुमच्या यजमानांचा रिपोर्ट सकाळी अडीच तास माझ्याकडे अडकला होता.”

ती त्यांच्याकडे वळली. “छातीत कसंतरी होतंय म्हणत होते, मी यांचा हात धरून बसले होते, तेव्हा?”

“हो. तेव्हाच.”

तिने नवऱ्याच्या अंगावरची चादर उगाच नीट केली. मग दुसऱ्या खुर्चीवरची पिशवी उचलून तिने खाली ठेवली.

“सकाळपासून इथून हलले नाहीये. खाली जाऊन दोन घास खाऊन येते. तोवर बसाल यांच्यापाशी?”

काका बसले. पांघरुणाखाली म्हाताऱ्याची छाती संथपणे वरखाली होत होती. ते त्या छातीवरून नजर न काढता बसून राहिले.